त्याने दिलेला पहिला पास

शारजातल्या आमच्या शुक्रवार सकाळच्या फुटबॉलमध्ये आमच्यातला एक जण पन्नाशीतही फॉरवर्ड खेळतो, गुडघ्याला पट्टा बांधून. पास मात्र कुणालाच देत नाही. कुणी ओरडलं की इंग्लंडमधल्या पहिल्यावहिल्या पगारी फॉरवर्डांपैकी एकाची गोष्ट काढतो. सूतगिरणीतला कामगार, खेळायचे पैसे मिळू लागल्यावर गिरणी सोडलेला, सगळ्यांना एकटा चकवून गोल मारणारा. "आणि शेवटच्या मॅचला, भाऊ, गुडघा गेला, तेव्हा त्याने आयुष्यातला पहिला पास दिला!" इथे त्याचा आवाज दरवेळी चढतो. मी मात्र त्याच्या माघारी त्याला स्वार्थी म्हणायचो.

काल बरोबरी होती, वेळ संपत आलेली. तिघांना चकवून तो गोलसमोर पोचला आणि माझ्याकडे बघून ओरडला, "यल्ला, चल भाऊ, मार!" चेंडू माझ्या पायाशी! मी डोळे मिटून लाथ मारली. गोल! सगळे माझ्या अंगावर कोसळले. मी लहान मुलासारखा नाचलो.

मग एकदम ती गोष्ट आठवली. वळून पाहिलं, तर तो वाळूत बसून गुडघ्याचा पट्टा सोडत होता आणि माझ्याहून मोठ्याने ओरडत होता, "गोल! हबीबी, गोल!"