झाडाला बूट

“झोपलाय तो! हॉर्न कसला वाजवतोस?”

बायनं माझ्या रिक्षाच्या टपावर ओलं फडकं आपटलं, तीच आमची पहिली भेट. वेवजीच्या नाक्यावर मी तेव्हा नवा होतो. वाटलं, म्हातारीचा नातू आजारी असेल. इंजिन बंद करून हळूच विचारलं, “ताप आहे का त्याला?” नाक्यावरचे सगळे रिक्षावाले पोट धरून हसले. झोपला होता तो डोक्यावरचा शिरीष. संध्याकाळ झाली की पानं मिटून घ्यायचा, आणि मग बायचा पहारा सुरू.

झाड तिनंच लावलेलं. त्याच्याखाली ती भाजी विकायची. कुणी बाटलीतल्या पाण्यानं रस्त्यावर हात धुतले तर ओरडायची, “रस्त्याला काय तहान लागलीय? इकडं धू, मुळाशी!” रोप लहान असताना एका शेळीनं शेंडा खाल्ला होता म्हणे. बायनं शेळीच बांधून ठेवली. मालक आला तर म्हणाली, “शेंडा परत लाव, मग ने.”

गावातल्या मंडळींना झाडाभोवती सिमेंटचा ओटा हवा होता. बाय बुंध्याला टेकून बसली ती उठेचना. “पायात बूट घालून झोपतोस का रे तू? मग त्याला कशाला घालतोस?” असं तिनं प्रत्येकाला विचारलं. ओटा राहूनच गेला.

मग बाय गेली. आणि तुम्हाला सांगतो, सगळ्या गावाच्या तिच्यावरच्या प्रेमाला एकदम ऊत आला! काय केलं असेल? ओटा बांधला. थेट बुंध्यापर्यंत भराव, वर सिमेंट, वर चकचकीत फरशी, आणि एका फरशीवर बायचं नाव. मी घसा फोडून सांगत होतो, अरे, हेच नको म्हणत होती ती! “तिच्यासाठीच करतोय ना,” म्हणाले. नारळ फोडला, पेढे वाटले. मी पेढा खाल्ला नाही.

आता फांद्या एकेक करून वाळताहेत. बुंध्याला खाली बोट लावलं तर साल ओली, कुजकी लागते. आणि हे लोक तिथंच बसून म्हणतात, “बाय गेली म्हणून झाड झुरतंय.” झुरतंय कसलं, गुदमरतंय! मला संताप येतो तो याचाच, की यातला एकही माणूस वाईट नाही. भांडायचं तरी कुणाशी?

काल दुपारी पहार घेऊन आलो आणि पहिला घाव घातला.

“बायच्या नावावर पहार घालतोस? लाज वाटत नाही?” ओट्यावर बसलेल्यांतला एक जण उसळला.

“मग बस ना नावाच्या सावलीत!” मी ओरडलो, आणि फोडत राहिलो. हात धरायला आलेल्यांनाही शिव्या घातल्या. आईवरून नाही, पण बाकी सगळ्या.

अंधारून येईपर्यंत एक बाजू मोकळी झाली. आतल्या मातीला आंबूस वास होता. वर उरलीसुरली पानं मिटली. तेवढ्यात मागून कर्कश हॉर्न वाजला. मी पहार टाकली, घाम पुसायचं फडकं उचललं आणि त्या रिक्षाच्या टपावर आपटलं.

“झोपलाय तो!”

रिक्षावाला उंबरगावकडचा, नाक्यावर नवा. त्यानं घाबरून इंजिन बंद केलं आणि हळूच विचारलं, “कोण आजारी आहे, काका?”

या वेळी नाक्यावर कुणी हसलं नाही.