आईचं रान दुसऱ्या फोनात नेताना

एका शनिवारी वाशीला कोथिंबीर आणायला गेलो असताना मी माझ्या आईची सगळी शेती बुडवली. गव्हाचं रान, मक्याचं रान, गोठा, कोंबड्यांचं खुराडं, सगळं गेलं. ना पाऊस जास्त झाला होता, ना रोग पडला होता. मी फक्त आईला चांगला फोन दिला होता.

ही शेती मोबाइलमधल्या खेळातली होती, हे आधीच सांगून टाकतो. (आईसमोर मात्र हे वाक्य जपून उच्चारावं लागतं.)

माझे वडील वाशीच्या मार्केटला माथाडी होते. आई साताऱ्याकडची. लग्न होऊन कोपरखैरण्याला आली आणि इथलीच झाली. वडील गेल्यानंतर तिच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं आणि डॉक्टरांनी तिला बसून राहायला सांगितलं. आई जन्मात कधी बसून राहिलेली नव्हती. आठवड्याभरात तिनं पलंगावरूनच अख्खं घर कामाला लावलं. पंखा पुसा, डबे उन्हात घाला, गॅलरीतल्या कढीपत्त्याला पाणी जास्त झालंय, कमी करा. शेवटी माझ्या बायकोनं, म्हणजे वैशालीनं, स्वतःच्या बचावासाठी आपल्या जुन्या अँड्रॉइड फोनवर शेतीचा खेळ टाकला आणि तो सासूच्या हातात दिला.

घर शांत झालं. गहू पेरायचा, कापायचा, दळायचा, गायींना चारा घालायचा, दूध काढायचं, असा तो खेळ. आईनं गायींना नावं ठेवली, ती सगळी आपल्या नणंदांची. त्यामुळे जेवताना ती सहज म्हणायची, "कमल आज दूधच देईना," आणि आलेला पाहुणा घास तसाच हातात धरून आमच्याकडे बघत बसायचा.

या खेळात शेजारपाजारही असतो. ठिकठिकाणच्या खेळणाऱ्यांनी मिळून एक मंडळ करायचं, एकमेकांना दूध, अंडी, पाव द्यायचे, गप्पा मारायच्या. आईच्या मंडळात सगळे मराठी लोक होते आणि हळूहळू आईच त्या मंडळाची प्रमुख झाली. ती माइकमध्ये बोलायची, फोन लिहून घ्यायचा. सगळे तिला 'माई' म्हणायचे. उपप्रमुख होता 'किंग' नावाचा कुणीतरी. तो सतत दूध मागायचा. आईची खात्री होती, की हे कुणीतरी हॉस्टेलवर राहणारं, नीट जेवायला न मिळणारं पोर आहे. ती रोज त्याला विचारायची, "बाळा, जेवलास का?" तो रोज लिहायचा, "हो माई."

आता माझ्याबद्दल. मी न्हावा शेव्याला माल सोडवणाऱ्या एजंटच्या ऑफिसात काम करतो. एका देशातला माल दुसऱ्या देशात सुखरूप कसा पोचवायचा, यात माझं निम्मं आयुष्य गेलंय. त्यामुळे एका फोनमधलं दुसऱ्या फोनमध्ये नेणं ही मला फारच किरकोळ गोष्ट वाटली. मी स्वतःसाठी नवा फोन घेतला होता, माझा जुना आयफोन रिकामा झाला होता आणि आईच्या फोनच्या काचेला इतके तडे गेले होते, की तिचा गोठा कायम दोन भागांत दिसायचा. म्हटलं, आईला आयफोन देऊ.

वैशालीनं विचारलं, "अहो, आईंचा खेळ येईल ना त्यात? हा फोन वेगळ्या जातीचा आहे."

"सगळं येतं. आता सगळं आपोआप येतं."

"कुणाला विचारलंत का?"

"विचारायचं काय त्यात?"

दोन्ही फोन शेजारी शेजारी ठेवले. फोटो आले. नंबर आले. खेळाचं चित्रसुद्धा नव्या फोनवर झळकलं. मी समाधानानं जुना फोन पुसून कोरा केला आणि कोथिंबीर आणायला म्हणून निघालो, तो जाता जाता वाशीच्या एका मोबाइलवाल्याला देऊनही आलो. त्यानं विचारलं, "डेटा सगळा घेतला ना साहेब?" मी असा हसलो, की त्यानं पुढे काही विचारलं नाही.

घरी आलो तर आई नवा फोन हातभर लांब धरून बसली होती.

"आरं सुनील, ह्ये कुणाचं रान हाय?"

मी पाहिलं. पडीक जमीन, एक मोडकं छप्पर, एक कोंबडी. आणि टोपी घातलेला एक हसरा म्हातारा बोटानं दाखवत होता, की गहू असा पेरायचा.

"ह्यो मला पेरायला शिकवतोय," आई म्हणाली. तिच्या आवाजात राग नव्हता. आश्चर्य होतं.

मी फोन बंद करून चालू केला. खेळ काढून परत टाकला. म्हातारा परत आला आणि परत पहिल्यापासून शिकवू लागला. मग भीत भीत नेटवर वाचलं. त्यात सरळ लिहिलं होतं, की खेळ एखाद्या ईमेलशी किंवा खात्याशी जोडलेला असेल तरच तो दुसऱ्या जातीच्या फोनवर येतो. नाही तर तो त्या जुन्या फोनवरच राहतो. वैशालीनं खेळ टाकला तेव्हा कुठलंच खातं जोडलं नव्हतं, आणि फोन देण्याआधी ते जोडून घ्यायचं काम माझं होतं. दोन मिनिटांचं काम. मी तसाच वाशीला पळालो. मोबाइलवाला म्हणाला, "तो तर गेला साहेब, आणि असता तरी काय उपयोग? तुम्हीच कोरा करून दिलात."

येताना कोथिंबीर राहिली ती राहिलीच.

घरी मी आईला सगळं सांगितलं. वाटलं, ओरडेल. ती ओरडली असती तर बरं झालं असतं. ती फक्त म्हणाली, "मग गाईंना चारा कोण घालनार?"

वैशाली तिच्याजवळ बसली. "आई, त्या काही खऱ्या गायी नाहीत."

"मला ठाव हाय गं. मी काय खुळी हाय का? पर रोजचं व्हतं." मग ती म्हणाली, "आन् मंडळातली मान्सं काय म्हनतील? न सांगता गेली. त्यांना वाटंल, म्हातारी मेली."

त्या रात्री आई लवकर झोपली. दुसऱ्या दिवशी तिनं पंखे पुसायला सांगितले नाहीत की डबे. हे जास्त वाईट होतं.

मी खेळाच्या कंपनीला लिहिलं. त्यांचं उत्तर फार नम्र होतं. शेती आमच्याकडे सुरक्षित आहे, फक्त तिचा नंबर कळवा. म्हणजे शेती कुठेतरी होती, सातबारा मात्र आमच्याकडे नव्हता. आईला तो नंबर कधी दिसलाच नव्हता. पण वैशालीच्या लक्षात आलं, की मंडळातल्या बाकीच्यांना एकमेकांच्या शेतीचा नंबर दिसतो. म्हणजे मंडळात शिरून कुणाला तरी तो विचारला की काम झालं. आणि मंडळात शिरायचं तर आपली शेती ठरावीक पायरीपर्यंत वाढलेली लागते. आमच्याकडे होती एक कोंबडी.

मग सगळं घर शेतीला लागलं. नव्या फोनवर आई सकाळी पेरायची. दुपारी वैशाली कापायची. आणि मी तीच शेती माझ्या फोनवरही उघडून (खातं आता जोडलेलं होतं, दोनदा तपासून) ऑफिसात दळण दळायचो. कस्टमच्या रांगेत उभा राहून मी गायी विकत घेतल्या. एकदा साहेब कंटेनरचं विचारत होते, आणि मी म्हणालो, "झालाच आहे सर, फक्त कापायचा बाकी आहे." साहेबांनी माझ्याकडे जरा जास्त वेळ पाहिलं.

शेवटी पायरी गाठली आणि मंडळाकडे अर्ज गेला. तो अडकून पडला. दोन दिवसांनी उलगडा झाला, की अर्ज मंजूर करायचे असतात ते मंडळाच्या प्रमुखानं, आणि प्रमुख होती आई. तिसऱ्या दिवशी प्रमुखाच्या जागी उपप्रमुख किंगनं तो मंजूर केला, आणि आम्ही तिघंही पलंगावर बसून मंडळाच्या गप्पा उघडल्या.

पहिलंच वाक्य होतं, 'माईंना भावपूर्ण श्रद्धांजली.'

खाली फुलंच फुलं. मंडळातल्या प्रत्येकानं आपल्या शेतात एकेक पट्टा फुलांचा लावला होता. कुणी लिहिलं होतं, माईंनी मला पहिली गाय दिली. कुणी लिहिलं होतं, परीक्षेच्या वेळी माई माझी कोंबडी सांभाळायच्या. किंगनं लिहिलं होतं, 'जेवलास का विचारणारं आता कोणी उरलं नाही.'

वैशालीनं डोळे टिपले. आईनं मात्र चष्मा लावून सगळं शांतपणे वाचून काढलं, वरपासून खालपर्यंत, मग परत वरपासून.

"चांगलं लिवलंय की," ती म्हणाली. "ह्या एका बाईनं तेवढं नुसतं हात जोडल्यात. हिला मी मागच्या महिन्यात केवढं लोनी दिलं व्हतं."

मी घाईघाईनं लिहिलं, 'मी माईंचा मुलगा. माई जिवंत आहेत. कृपया त्यांच्या शेतीचा नंबर द्यावा.' मंडळ खवळलं. गेलेल्या बाईंची शेती लाटायला आलाय, लाज नाही वाटत, असं एकानं लिहिलं. दुसऱ्यानं मला काढून टाका म्हटलं. मी माझा फोन नंबर दिला आणि म्हटलं, हवं तर बोलून खात्री करा.

पाच मिनिटांत फोन वाजला. मी स्पीकर चालू केला. पलीकडून एक जाड, खोकल्यानं भरलेला, चांगला पिकलेला आवाज आला.

"नमस्कार. मी किंग बोलतोय. निवृत्त मुख्याध्यापक. माईंशी बोलायचं होतं."

आईनं गडबडीनं डोक्यावर पदर घेतला. जिला ती रोज 'बाळा' म्हणायची ती व्यक्ती तिच्यापेक्षा वयानं बरीच मोठी निघाली होती. ती काही बोलेचना. मी खुणा केल्या, वैशालीनं खुणा केल्या. पलीकडचा आवाज कोरडा झाला.

"माई नाहीत ना तिथे? मला वाटलंच होतं."

तेव्हा आईला राहवलं नाही. "हाय की. जेवलासा का गुरुजी?"

पलीकडे खोकल्याची एक उबळ आली. मग गुरुजी म्हणाले, "अजून नाही माई. आता जेवतो."

त्यांनी नंबर दिला. तो मी कंपनीला कळवला, कंपनीनं आणखी दोन-चार प्रश्न विचारले, गायींची नावं ऐकून बहुधा त्यांचीही खात्री पटली, आणि एका सकाळी आईच्या हातातल्या आयफोनवर तिचं सगळं रान उघडलं. गहू पिकून उभा होता. इतके दिवस कुणी बघितलं नाही तरी एकही गाय मेली नव्हती, सगळ्या दुधानं भरून उभ्या होत्या. आईनं काचेवरून हळूच बोट फिरवलं. "कमल बारीक झालीया," ती म्हणाली, आणि दिवसभर ती कुणाशी दुसरं काही बोलली नाही. संध्याकाळी मात्र मला पंखा पुसायला सांगितला. मी आनंदानं पुसला.

प्रश्न उरला तो आम्ही नव्यानं उभ्या केलेल्या शेतीचा. मी म्हटलं, काढून टाकू. आई म्हणाली, "आपल्यात रान पडीक टाकत न्हाईत." ती शेती माझ्या नावावर झाली आणि मी रीतसर मंडळात दाखल झालो, आईच्या हाताखाली. तिनं मला मक्याचं काम दिलं. मी ते मन लावून करत होतो, ऑफिसातसुद्धा. म्हणूनच साहेबांनी परवा केबिनमध्ये बोलावलं आणि म्हणाले, "सुनील, तुझं कामात लक्ष नाही." मी मुकाट्यानं मोबाइल बंद करून ड्रॉवरमध्ये टाकला आणि संध्याकाळपर्यंत फक्त कंटेनर बघितले.

घरी येऊन खेळ उघडला, तर मका तसाच उभा होता, आणि मंडळाच्या प्रमुखांनी मला मंडळातून काढून टाकलं होतं. कारण विचारायला आत गेलो. आईनं फोनवरून मान वर न करता सांगितलं, "तुजं कामात लक्ष न्हाई."