करणला कळवायचं होतं

मेडशीची लिलाबाई लग्न होऊन शेलूबाजारजवळच्या एका फाट्यावरच्या गावात आली, तेव्हा कामाला वाघीण होती. तूर सोंगायला, कापायला वाकली की बरोबरीच्या बायांना मागे टाकायची आणि वर त्यांनाच हसायची. नवरा गोविंदा शेलूबाजार-मंगरूळ लाइनवर काळी-पिवळी जीप चालवायचा. माणूस अबोल. जीपमध्ये माणसं कोंबून भरली तरी त्याच्या तोंडून ‘सरका’ याशिवाय दुसरा शब्द निघत नसे. घर त्याच्या नाही, तिच्या बोलण्यानं भरलेलं असायचं.

बऱ्याच वर्षांनी मुलगा झाला. नाव ठेवलं प्रसेनजित. पोर चालायला लागलं आणि हातापायांवर सूज यायला लागली. थंडी पडली की ते हाडं धरून रडायचं. अकोल्याच्या दवाखान्यात निदान झालं, सिकलसेल, रक्ताचं जन्मजात दुखणं. डॉक्टरांनी आईबापांचंही रक्त तपासलं आणि सांगितलं, अर्धं दुखणं आईकडून आलंय, अर्धं बापाकडून. दोघंही धडधाकट, आणि दोघांचं अर्धं-अर्धं मिळून लेकरात पुरं झालेलं. त्या दिवसापासून नवराबायकोनं एकमेकांना बोल लावला नाही. लावायचा तरी कोणी कोणाला?

लिलाबाईनं शेताचं काम सोडलं आणि मुलाच्या उशाशी बसली. पाणी पाजायचं, गोळ्या द्यायच्या, दुखायला लागलं की गरम कपड्यानं सांधे शेकायचे. प्रसेनजित कशीबशी बारावी झाला. तोवर शाळेपेक्षा दवाखान्याच्या खाटाच त्याच्या जास्त ओळखीच्या झाल्या होत्या. मिशी फुटली, आवाज फुटला, पण फाट्यापर्यंत चालत गेला की ओठ पांढरे पडायचे. तो झोपेत कुशीवर वळला तरी आई दचकून उठे. जागा झाला की पहिलं तिचंच तोंड दिसे, टक लावून पाहत बसलेलं.

मग गोविंदानं अकोल्याहून एक जुना लॅपटॉप आणला. त्यात आधीच्या मालकानं टाकलेला एक खेळ होता. नाव इंग्रजी, लिलाबाईच्या जिभेवर ते कधी बसलं नाही. पण खेळ तिनं मन लावून पाहिला. केवढा तरी मुलूख होता तो. बर्फाचे डोंगर, नद्या, किल्ले, बाजार. त्यात आपला एक माणूस बनवायचा आणि वाटेल तिकडे जायचं. शिकार करा, लोहारकाम शिका, कोणाच्या बाजूनं लढा, नाहीतर नुसते भटका. फाट्यापर्यंत न जाऊ शकणारा तिचा मुलगा तिथं घोडा घेऊन कडे चढून जायचा. त्याच्या मागोमाग आणखी एक स्वार असायचा, काळी टोपी घातलेला.

“हा कोन रे?” तिनं एकदा विचारलं.

“हा करण. इंदूरचा आहे.”

“म्हणजे खरा माणूस?”

“मंग? ऑनलाइन आहे ना हा खेळ. तो तिकडं त्याच्या घरी बसून खेळून राह्यला, मी इकडं.”

“अन् ते धनुष्यवाली?”

“ते रेणू. त्याची बहीण. नर्सचं शिकून राह्यली.”

लिलाबाईनं स्क्रीनकडे वाकून पाहिलं आणि नकळत डोक्यावरचा पदर सारखा केला. आपल्या लेकाला सोबत आहे, तीही इंदूरची! तिच्या छातीवरचा दगड जरा हलला.

त्याच सुमारास गावातल्या अंगणवाडीत मदतनीसाची जागा निघाली. सगळे म्हणाले, लिलाबाई, तुम्हीच या. तिनं नाही म्हटलं. प्रसेनजितनं मात्र हट्टच धरला.

“जाय ना आई. मी काय एकटा आहे? दिवसभर करण असते, रेणू असते. तुह्या डोळ्यांसमोर पडून राह्यल्यानं माह्यं रक्त सुधरते का?”

ती गेली. सुरुवातीला दर तासाला घरी डोकावून जायची. दारातून पाहावं तर लेक लॅपटॉपशी बोलत असायचा. “चाल बे करण, पुलाच्या तिकून घे.” मग तिचं डोकावणं कमी झालं आणि पुढं थांबलंच. लेकरांना खिचडी वाढताना, त्यांची नाकं पुसताना, गाणी म्हणताना तिचा गेलेला आवाज परत आला. संध्याकाळी घरी आली की चुलीजवळून विचारायची, “काय म्हणते करण?” आणि प्रसेनजित बातम्या सांगायचा. करणच्या वडिलांच्या डोळ्याचं ऑपरेशन झालं. रेणूला पाहायला पाहुणे आले. रेणूचं लग्न ठरलं. ज्या दिवशी लग्न आहे म्हणून त्यानं सांगितलं, त्या दिवशी लिलाबाईनं घरी शिरा केला आणि अंगणवाडीच्या ताईंनाही नेऊन दिला. “माह्या लेकाच्या दोस्ताच्या बहिणीचं लग्न आहे,” म्हणाली. जन्मात न पाहिलेल्या त्या पोरीसाठी तिला सासरच्या माणसांची काळजीही वाटून गेली.

मागच्या हिवाळ्यात थंडीची लाट आली. त्या दिवशी सकाळी प्रसेनजितचं अंग गरम होतं. लिलाबाई दारातच घुटमळली.

“आज नाही जात मी.”

“कायले? कणकण तर आहे. गोळी घेतली ना. करण वाट पाहून राह्यला, जाय तू.”

ती गेली. गोविंदा आधीच जीप घेऊन गेला होता. दुपारी शेजारच्या गोमतीबाई मिरच्या मागायला आल्या, तर पोरगं छाती धरून भिंतीला टेकलेलं, ओठ निळे पडलेले, श्वास आत जाईना. समोर लॅपटॉप सुरू होता. घरात फोनला रेंज येत नसे. कोणाला फोन लावायचा तर विहाराच्या ओट्यावर जाऊन उभं राहावं लागे. गोमतीबाई तिकडं धावल्या. गोविंदाची जीप आली, लिलाबाई अनवाणी पळत आली, आणि मुलाला मांडीवर घेऊन दोघं अकोल्याला पोचली. ऑक्सिजन लावला, रक्त चढवलं. दुसऱ्या दिवशी तो गेला. डॉक्टर म्हणाले, दुखणं छातीत उतरलं होतं, सकाळीच आणला असता तर... आणि त्यांनी लिलाबाईसमोर हात जोडले.

नातेवाइकांना फोन गेले, माणसं आली, माती झाली. गेलेल्यासाठी करायच्या जलदान विधीचा दिवस ठरला. घरात बाया बसलेल्या असताना लिलाबाईला एकदम आठवलं, करणला कोणी कळवलं नाही. तो तिकडं रोज वाट पाहत असेल. आपल्या लेकाचा जिवाभावाचा माणूस, आणि त्यालाच निरोप नाही!

ती गोविंदाला म्हणाली, “करणले सांगाले पाह्यजे.”

गोविंदानं मान खाली घातली. “राहू दे, लिला.”

“काहून राहू दे? पोराले दोस्त किती होते असे?”

तो उठून बाहेर गेला. दुःखानं त्याला काही सुचत नसेल असं तिला वाटलं. तिनं लॅपटॉप कापडी पिशवीत घातला आणि मिळेल त्या जीपनं शेलूबाजार गाठलं. तिथं ऑनलाइन फॉर्म भरून द्यायच्या दुकानात गोविंदाच्या मावसभावाची मुलगी स्नेहा कामाला होती. कॉम्प्युटरचं शिकलेली. काकूला दारात पाहून ती उठून आली आणि गळ्यात पडली. लिलाबाईनं तिला रडू दिलं, मग पिशवी पुढं केली.

“स्नेहा, या खेळात प्रसेनचा दोस्त आहे. करण. त्याले निरोप द्याचा आहे. मले हे चालवता येत नाही बाई.”

स्नेहानं डोळे पुसले. “देऊ ना काकू. या खेळाचा ऑनलाइनवाला पण आहे. हजारो लोकं खेळतात सोबत. थांबा, पाहू द्या.”

खेळ उघडला. तोच बर्फाचा डोंगर, तोच पूल. प्रसेनजितचा माणूस घोड्याशेजारी उभा होता आणि जरा मागं काळ्या टोपीचा स्वार.

“हाच! हाच करण,” लिलाबाई पुढं सरकली. “त्याले म्हण, प्रसेन गेला. म्हण, त्याची आई आली सांगाले.”

स्नेहानं इकडंतिकडं काही दाबून पाहिलं. पुन्हा पाहिलं. मग तिचे हात मंदावले.

“काकू, हा तो नोय.”

“तो नोय म्हणजे?”

“ऑनलाइनवाला येगळा येते. नाव थोडं सारखं आहे म्हून लोकायचा घोटाळा होते. हा एकट्यानं खेळाचा आहे. याच्यात दुसरं कोणी नसते.”

“असं कसं? हा उभा आहे ना समोर!”

स्नेहानं दुकानाचं नेट बंद केलं आणि काकूला स्क्रीनच्या कोपऱ्यातली खूण दाखवली. “आता याले कुठूनच नेट नाही. पाहा.”

नेट बंद होतं आणि पुलावरून एक म्हातारी ओझं घेऊन चाललीच होती. दूर लोहाराचा घण पडतच होता. काळ्या टोपीच्या स्वारानं घोड्याची मान थोपटली. स्नेहानं त्याच्याजवळ जाऊन एक कळ दाबली, तसा तो इंग्रजीत काही बोलला.

“काय म्हणे?”

“म्हणते, रस्ता लांब आहे, निघू या.”

“अजून एक डाव दाब,” लिलाबाई म्हणाली.

स्नेहानं पुन्हा दाबलं. स्वार त्याच आवाजात तेच बोलला. तिसऱ्यांदाही तेच. लिलाबाई त्याच्या तोंडाकडे पाहत राहिली.

“म्हणजे पोरगं कोनाशी बोले?” तिनं विचारलं. उत्तराची वाट न पाहता तिनं लॅपटॉप मिटला, पिशवीत घातला आणि चपला घालून निघाली.

घरी आली तेव्हा गोविंदा अंगणात जीपच्या चाकाशी नुसता बसून होता. तिनं पिशवी त्याच्यासमोर ठेवली.

“करण नाही. रेणू नाही. कोनीच नोयतं. लेकरू दिवसभर एकटं होतं.”

गोविंदानं वर पाहिलं नाही. आणि त्या न पाहण्यातच लिलाबाईला कळलं.

“तुमाले माहीत होतं.”

तो म्हणाला, “घरात फोन लागत नाही, लिला. ऑनलाइन कुठून येणार? मी एका दिवशी विचारलं त्याले. त्यानं मले शपथ घातली.”

“कायची शपथ?”

“म्हणे, बाबा, आईले सांगजा नोका. आई उशाशी बसली की मले वाटते, मी मराची वाट पाहून राह्यली. तिले कामाले जाऊ द्या. हसते तरी तिथं.”

लिलाबाईनं ओट्याच्या कडेला हात टेकला.

“अन् ते लग्न? रेणूचं?”

“ते मीच सुचवलं,” गोविंदाचा आवाज फाटला. “तू कामावर असली की दवाखान्यात जाताना जीपमधी आमी दोघं ठरवत जाओ, आज तुले काय सांगाचं ते. तो म्हणे, आईले काही चांगलं ऐकू येऊ द्या. मी म्हटलं, लग्न लावू.”

“हसत होते का मले तुमी?”

“नाही वो. हसलो नाही कधी.”

“त्या दिवशी त्याचं अंग तापलं होतं, प्रसेनच्या बाबा. मी दारातून मांगं वळली होती. करण वाट पाहून राह्यला म्हणे, म्हून गेली मी.”

गोविंदा जीपच्या पत्र्याला डोकं टेकून रडू लागला. लग्नाला इतकी वर्षं झाली होती, पण त्याला असं रडताना तिनं पाहिलं नव्हतं. ती त्याच्याजवळ गेली नाही.

जलदान विधी झाला. पांढरं पातळ नेसून ती वंदनेला बसली, आल्यागेल्याला जेवू घातलं. दुसऱ्या दिवशी मेडशीच्या बसमध्ये बसून भावाकडे गेली. तिथं ती भावाच्या शेतात तूर सोंगायला उतरली, सुरुवातीला सगळ्यांच्या मागं राहायची. गोविंदा एकदा न्यायला आला, बांधावर उभा राहिला आणि परत गेला. तिला त्याचा राग येई. मग वाटे, पोरानं शपथ घातल्यावर बाप काय करणार? मग पुन्हा राग येई. आणि सगळ्यात खोल जखम वेगळीच होती. लेकानं आईच्या तोंडावर आपलं मरण पाहिलं, हे शब्द काढून टाकायला कोणाकडेच औषध नव्हतं. ते खोटं असतं तर तिनं भांडून घेतलं असतं. हे खरं होतं. ती खरंच त्याच्याकडे तशी पाहायची.

तुरीच्या शेंगा बडवून झाल्या तशी ती आपणहून परत आली. घर तिचंच होतं, जाणार कुठं? अंगणवाडीच्या ताईंनी जागा रिकामी ठेवली होती. ती कामाला लागली. लेकरं गाणं म्हणा म्हणून मागं लागत, तेव्हा ती दुसऱ्या कोणाला तरी पुढं करी. लॅपटॉप स्नेहाला देऊन टाकला. घरात दोघं जेवढ्यास तेवढं बोलत. पीठ संपलं. पाणी आलं. मंगरूळला येणार का. पूर्वी तिच्या बोलण्यानं भरलेल्या घरात आता गोविंदालाच कधीकधी काही बोलावंसं वाटे, पण त्याला सवय नव्हती.

या उन्हाळ्यात अंगणवाडीत सिकलसेल तपासणीचं शिबिर झालं. ताई म्हणाल्या, लिलाबाई, तुम्ही बायांना दोन शब्द सांगा. ती नाही म्हणाली. पाणी भरलं, खुर्च्या मांडल्या, रक्ताचे कापसाचे बोळे उचलले. गावातली एक सून रांगेतून बाहेर पडली. सासू तिच्या दंडाला धरून ओढत होती. “लगन झालं, आता कायची तपासणी? नसता डाग लागीन.”

लिलाबाई हातातला डबा खाली ठेवून दारात जाऊन उभी राहिली. सासूच्या ओळखीची होती, वयानंही बरोबरीची.

“सरक वो,” सासू म्हणाली.

“तपासल्याबिगर जाऊ देत नाही मी तिले.”

“तुह्यं काय जाते?”

लिलाबाई दारातून हलली नाही. सासूनं तिच्या तोंडाकडे पाहिलं आणि हळूहळू सुनेचा दंड सोडला. सून परत रांगेत गेली. सुईच्या वेळी तिनं डोळे मिटले, तेव्हा लिलाबाईनं तिचा दुसरा हात धरून ठेवला.

संध्याकाळी घरी आली. गोविंदा ओट्यावर बसला होता. “काय होतं आज तिथं? गर्दी दिसली.”

“रक्त तपासाले आले होते,” ती म्हणाली, आणि भाकरीसाठी पीठ काढायला आत गेली.