झिरो बरोबर होता

नितीनचा फोन आला तेव्हा मी अमरावतीत मुलांचा नेमबाजीचा सराव घेत होते. "ताई, बाबा गेले," तो म्हणाला. धाकटा भाऊ पलीकडे रडत होता, मी "येते" म्हणाले आणि मुलांची चालू फेरी पुरी होऊ दिली. फेरी मधेच तोडायची नाही, हे बाबांनीच शिकवलेलं. त्यांच्या मरणालाही त्यांचाच नियम लागला याचं मला त्या क्षणी, खरं सांगते, बरं वाटलं. दीडेक महिना झाला असेल या गोष्टीला. अकोल्याला पोचले तर दारात मंडळी म्हणत होती, "फार शिस्तीचा माणूस." मेलेल्या माणसाला हा शब्द सोयीचा पडतो. जिवंतपणी त्यांच्या नेमबाजीच्या रेंजवरची पोरं त्यांना खवीस म्हणायची.

बाबा सैन्यात नव्हते की पोलिसात. पाटबंधारे खात्यात नकाशे काढायचे. रेघ ओढताना श्वास रोखायची सवय लागली आणि तिच्या मागोमाग एअर रायफलचा नाद. एका बंद पडलेल्या कापसाच्या जिनिंगच्या मागच्या टिनाच्या शेडमध्ये त्यांनी दहा मीटरची रेंज उभी केली. मे महिन्यात त्या टिनाखाली आम्ही जाड कॅनव्हासची जाकिटं घालून उभे राहायचो. कुणी चक्कर येऊन पडलं तर बाबा आधी रायफल उचलायचे, मग पोराला.

रायफल 'झिरो' करणं म्हणजे तिची साइट अशी बसवणं, की नेम धराल तिथंच छर्रा लागला पाहिजे. बाबांचं ते काम बघत राहावं असं होतं, एवढं कबूल करते. आधी पाच छर्रे मारायचे, तोवर साइट फिरवायच्या चकतीला हात लावायचा नाही. "एका छर्ऱ्याचं आयकू नको. पाच जन एकच गोष्ट सांगून राहिले असन तर मान." पाचही भोकं एकमेकांना चिकटून पडली की झाला ग्रुप. तो निशाण्याच्या कार्डावर कुठंही पडो, चकती दोन-चार क्लिक फिरवली की मधोमध सरकतो. छर्रे विखुरले असतील तर मात्र साइट बिचारी काही करू शकत नाही. इतकं सुरेख समजावणारा हा माणूस एका बाबतीत ठार आंधळा होता. झिरो ज्याच्या त्याच्या डोळ्याचा असतो. गाल लाकडावर कसा टेकतो, मान किती झुकते, यानं तो बदलतो. बाबांना हे मंजूर नव्हतं. सगळ्या रायफली ते स्वतःच्याच डोळ्यानं झिरो करायचे आणि चकतीवरून आईच्या नेलपॉलिशची लाल रेघ ओढायचे. कुणी चकती फिरवली तर रेघ तुटणार आणि चोर सापडणार. लग्नाकार्यात लावायला आणलेली आईची बाटली अशी संपायची.

माझा ग्रुप नेहमी एकाच जागी पडायचा... खाली डावीकडं, घड्याळात सात असतात तिथं. मी म्हणायची, "बाबा, साइट थोडी फिरवून द्या ना."

"साइट बरोबर हाय. तुही मान वाकडी हाय."

मग ते दोन्ही हातांनी माझी मान धरून सरळ करायचे आणि बाकीच्या पोरांना बोलवायचे. "पाहा रे, अशी मान असली की मानूस बकऱ्या चारते." एकदा मला रडू फुटलं तर म्हणाले, "डोयात पानी असताना छर्रा सोडू नको, वाया जाते." रुमाल देणं वगैरे प्रकार त्यांच्यात नव्हता.

अमरावतीला विभागाची निवड चाचणी होती. ज्युनिअर गटात खेळायचं ते माझं शेवटचं वर्ष. दोन फेऱ्या होत्या. पहिलीच्या आधी बाबा चहाला गेले आणि मी चकती फिरवून टाकली. रेघ तुटली. त्या फेरीत मी आयुष्यातलं सगळ्यात चांगलं मारलं, सगळ्यांच्या पुढे होते. बाबा आले ते कार्डाकडं न बघता आधी चकती बघायला. रायफल माझ्या हातातून घेतली, सगळ्यांदेखत चकती जिथल्या तिथं आणली आणि म्हणाले, "आता मार. पाहू दे."

नेम किती चुकणार हे मला पाठ होतं. तेवढंच वर, उजवीकडं धरून मारलं असतं तर निवड झाली असती. मी तसं केलं नाही. मी बरोबर मधोमध नेम धरला आणि सगळे छर्रे सातच्या जागी घातले, एकावर एक. इतका घट्ट ग्रुप त्या दिवशी कुणाचाच नव्हता आणि माझे गुण मात्र धडाधड कोसळले. पंच म्हातारे होते. त्यांनी कार्ड उजेडात धरलं, उलटसुलट पाहिलं आणि म्हणाले, "पोरीचा हात लाखात एक हाय. साइट कोनं बसवली?" बाबांची मान खाली गेली आणि मला गुळासारखं गोड लागलं. संघात जायचं होतंच, पण त्याहून जास्त मला त्यांना खोटं पाडायचं होतं.

परतीच्या वाटेवर मूर्तिजापूरला एसटी थांबली तेव्हा बाबांनी एकच पेरू घेतला आणि एकट्यानं खाल्ला.

त्यानंतर वीसेक वर्षं मी एका वाक्याची वाट बघितली. प्रशिक्षक झाले, माझी मुलं राज्याच्या संघात गेली. दर दिवाळीला अकोल्याला जाऊन विचारायची, "त्या दिवशी झिरो चुकीचा होता... एकदा म्हणा ना, बाबा." ते सुपारी कातरत राहायचे. दवाखान्यातल्या शेवटच्या भेटीत, नाकात नळी असतानाही, मी तेच विचारलं. नितीननं माझा दंड धरला, "कावून सतावून राहिली ताई त्यायले?" बाबांनी हातानं त्याला थांबवलं. बराच वेळ श्वास गोळा केला... "झिरो बरोबर होता," म्हणाले, आणि भिंतीकडं तोंड केलं. मी उठून अमरावतीची गाडी पकडली. पुन्हा गेले नाही.

तेरावं झाल्यावर शेड रिकामी करायला घेतली. माझी ती जुनी रायफल तेलपाणी करून कोपऱ्यात उभी होती आणि चकतीवरची लाल रेघ ताजी होती. आईला जाऊन कितीतरी वर्षं झालीत. म्हणजे हा माणूस स्वतः दुकानात जाऊन नेलपॉलिश आणत होता. मी कार्ड लावलं, रायफल उचलली. त्यांचा झिरो खोटा होता हे मला पुन्हा एकदा माझ्या डोळ्यांनी बघायचं होतं. चाळिशीचा चष्मा नीट केला, गाल लाकडावर टेकवला. गाल आता भरलेत. मान दुखते, म्हणून आपोआप एका बाजूला झुकते. पाच छर्रे मारले आणि चालत कार्डाजवळ गेले.

पाचही मधोमध होते. डोळा, गाल, मान... माझं सगळं त्यांच्यासारखं होऊन बसलं होतं आणि मला पत्ताही नव्हता. मला त्यांचा इतका राग आयुष्यात कधी आला नव्हता.

नितीन दारात उभा होता. "कुठं लागले, ताई?"

मी कार्ड काढलं, त्याची घडी करून पर्समध्ये टाकली.

"सातच्या जागी," मी म्हणाले. "त्यायचा झिरो चुकीचाच होता."