वरचा मजला बँकेतच पाडला

मंडळी, आज सकाळी दुमजली घर बांधायच्या कर्जासाठी बुलढाण्याला बँकेत गेलो होतो. सोबत बायको, सुनीता.

आपल्याकडे फ्रिज घ्या नाहीतर गाडी, माणूस एकच विचारतो, "हप्ता कितीचा बसते?" मीही तेच विचारलं. वीस लाख, वीस वर्षं, महिन्याला अठरा हजार. झेपेल म्हणून मी सहीला पेन काढला.

सुनीता म्हणाली, "थांबा हो. साहेब, वीस वर्षात एकूण किती भरा लागते?"

साहेबांनी हिशेब केला. "व्याजदर हाच राहिला, तर त्रेचाळीस लाख."

"म्हणजे एक घर आपलं अन् एक बँकेचं! अहो, वरचा मजला काऊन पाहिजे आपल्याले? कोन राहीन तिथं?"

मी पेन परत खिशात ठेवला. मजला भावकीला दाखवायलाच होता.

तिने तो तिथंच रद्द केला. आता बारा लाख, दहा वर्षं. हप्ता पंधरा हजार, आणि व्याजासकट एकूण अठरा लाख!

खरं सांगा, कर्ज घेताना तुम्ही हप्ता विचारला होता की एकूण?

मला उद्या कोणी विचारलंच, "घर एकच मजली काऊन बे?" तर छाती फुगवून सांगेन, वरचा मजला माझ्या बायकोने बँकेतच पाडला.