सईला गायत्री कोणी शिकवली?

मंडळी, आज सकाळी लंडनमधल्या ईलिंगच्या एका हॉलमधून मी संतापाने उठून आलो.

माझी सोळा वर्षांची नात सई मला तिच्या योगवर्गाला घेऊन गेली होती. शिकवणारे गृहस्थ जुने हिप्पी. तरुणपणी इथून बसने हिंदुस्थानात गेलेले, आता पंचाहत्तरीचे, गळ्यात रुद्राक्ष. त्यांनी सर्वांना उताणे झोपवले आणि ढोलकीच्या तालावर गायत्री मंत्र म्हणायला लावला. पाय पसरून! सईही म्हणत होती.

सई मागोमाग बाहेर येताच मी कडाडलो, “अगं, गायत्री काय लोळत म्हणायची असते?”

“मग कशी म्हणायची, आजोबा? दादाच्या मुंजीत तुम्ही सगळं त्याला शिकवलंत. मी विचारलं तर म्हणालात, तू प्रसाद वाट. ॲट लीस्ट यांनी तरी मला शिकवलं!”

वेदकाळी स्त्रियाही मंत्रद्रष्ट्या होत्या, असे इथल्या मराठी मंडळात व्याख्यान देणारा मीच.

पवित्र गोष्टींचा खेळ करणारी ती हिप्पी रीत इथे अजून जिवंत आहे, आणि तिच्यावरचा माझा रागही. पण माझ्या नातीला त्यांच्या दारात मीच धाडले. तुमच्या घरातली मुलगी हे शिकायला कोणाकडे जाते, कधी विचारलेत?