पाण्याच्या मोर्चाची कॅसेट

जीवराम नानांच्या घरी येणारा माणूस नानांसाठी कधीच येत नाही. कोणाला आजोबांच्या सत्काराचं जुनं शूटिंग हवं असतं, कोणाला स्वतःच्या पहिल्या निवडणुकीचं. मिळालं की पेन ड्राइव्ह खिशात घालून पसार. कप विसळायला मागे नाना एकटे. मला या लोकांचा भयंकर राग येतो. नानांना येत नाही.

नाना मूळचे धुळ्याकडचे. जळगावात केबलवर स्थानिक बातम्या लागायच्या, तेव्हा कॅमेरा त्यांच्या खांद्यावर असायचा. पाडून टाकलेलं मार्केट, तुडुंब भरलेला मेहरूण तलाव, फैजपूरला वादळानं झोपवलेल्या केळीच्या बागा, हे सगळं आता फक्त त्यांच्या कपाटात शिल्लक आहे. बाकीचे कॅमेरामन बातमी लागली की त्याच कॅसेटवर दुसरं शूटिंग करत. नानांनी एकही पुसली नाही. चॅनल बंद पडलं, बायको बेबाबाई गेली, घरात नाना आणि कॅसेटी उरल्या.

यंदा धुळ्याच्या एका कॉलेजनं खान्देशाच्या इतिहासासाठी त्या मागितल्या. नानांनी आनंदानं हो म्हटलं आणि दुसऱ्याच दिवशी माझ्या टीव्ही दुरुस्तीच्या दुकानात येऊन बसले. कॅसेटी जायच्या आत त्यांना एक बघायची होती, आणि प्लेअर बंद पडला होता.

पाण्यासाठी बायकांचा मोर्चा निघाला होता, त्यात बेबाबाई होत्या. गावभर शूटिंग करणाऱ्या या माणसानं घरात कधी कॅमेरा उघडला नव्हता. भिंतीवर फोटो होता, पण चालती-बोलती बेबाबाई असलीच तर त्या एका कॅसेटमध्ये.

"मग इतकी वर्षं काय झोपला होतात?" मी चिडलो.

"हिंमतच व्हयनी नही, भाऊ."

मी प्लेअर दुरुस्त केला आणि रविवारी दुपारी त्यांच्या घरी नेऊन जोडला.

पडद्यावर रिकामे हंडे घेतलेल्या बायका आल्या. कॅमेऱ्याचं तेव्हा भारी अप्रूप. घोषणा विसरून एकेक जण थेट आमच्याकडे बघत होती, हसत होती, मागचीला कोपरानं ढोसत होती. मग हिरव्या लुगड्यातल्या बेबाबाई आल्या. हंडा कमरेवर घट्ट धरलेला आणि मान पार दुसरीकडे वळवलेली. तशाच समोरून गेल्या. चेहरा दिसलाच नाही. मी कॅसेट मागे घेतली. पुन्हा तेच.

"मीच सांगेल व्हतं तिले," नाना म्हणाले. "कॅमेराकडे देखू नको, बातमी खराब व्हस."

एवढ्या बायकांत त्यांचं ऐकणारी ती एकटीच. नानांनी चित्र थांबवायला लावलं, स्टूल ओढत पडद्याला नाक लागेल इतके जवळ गेले आणि हळूच म्हणाले, "आते तरी देख वं मन्हाकडे."